घर खाली करण्याआधी माणसांची सोय लावा: पुनर्विकासात जाणाऱ्या गृहनिर्माण संस्थांच्या समित्यांना खुले पत्र

प्रति,
अध्यक्ष, सचिव, खजिनदार आणि कार्यकारी समितीचे सर्व सदस्य,
पुनर्विकासात गेलेल्या व जाऊ घातलेल्या सहकारी गृहनिर्माण संस्था,
मुंबई, ठाणे, पुणे आणि परिसर

सप्रेम नमस्कार.

तुमच्या विकास करारात कारपेट एरिया फुटाफुटाने मोजलेला असतो. कॉर्पस (बिल्डरकडून मिळणारा निधी), पार्किंग, टाइल्सचा आकार, नळ कुठल्या कंपनीचे, लिफ्ट किती, सगळं लिहिलेलं असतं. जुनी चावी दिल्यापासून नवी चावी मिळेपर्यंत तीन-साडेतीन वर्षं जातात, त्याबद्दल मात्र करारात तीनच गोष्टी असतात: महिन्याचं भाडं, एका महिन्याची दलाली आणि सामान हलवण्याची एकरकमी रक्कम. तेवढ्यावर, एका जिन्याने आयुष्यभर वर-खाली केलेली माणसं चार उपनगरांत पांगतात. त्यातल्या सत्तरीपुढच्या आणि एकट्या राहणाऱ्यांचं बोलणं थांबतं, फिरणं थांबतं, औषधं चुकू लागतात. काही जण नव्या घराचा उंबरा ओलांडायला उरत नाहीत.

आम्ही ज्येष्ठ नागरिक संघांत, आरोग्याच्या कामात आणि संस्थांच्या कागदपत्रांत गुंतलेली माणसं आहोत. भाड्याच्या घरातला हा एकटेपणा कुठून येतो ते आम्हाला नेमकं सांगता येतं. त्यातला बराचसा टाळताही येतो, फक्त त्याची तजवीज करारावर सह्या होण्याआधी करावी लागते. एकदा घरं खाली झाली की समितीच्या हातात फोन नंबरांची यादी तेवढी उरते.

माणसं पांगतात कशी, ते आधी पाहा. घर खाली करण्याची नोटीस सगळ्यांना एकाच दिवशी मिळते आणि मुदत महिना-दोन महिन्यांची असते. चाळीस कुटुंबं एकाच महिन्यात एकाच भागात घर शोधायला बाहेर पडतात. दलालांना ते दोन दिवसांत कळतं आणि त्या भागातलं भाडं चढतं. बिल्डरचं भाडं जुन्या घराच्या कारपेटवर ठरलेलं असतं. सव्वातीनशे फुटांच्या वन रूम किचनवाल्याला त्या पैशात शेजारच्या गल्लीतही घर मिळत नाही. मग दादरचं कुटुंब डोंबिवलीला जातं, पार्ल्याचं नालासोपाऱ्याला, आणि ज्यांचं घर सगळ्यांत लहान ते सगळ्यांत लांब जातात. म्हातारा-म्हातारी दोघंच असतील तर त्यांना मुलाकडे पाठवलं जातं, तेही बरेचदा सहा-सहा महिन्यांच्या पाळीने.

यावर उपाय आहे, पण तो समितीलाच करावा लागतो. नोटीस निघण्याच्या तीन महिने आधी प्रत्येक घराकडून एक पान भरून घ्या: घरात किती माणसं, वयं काय, जिना चढता येतो का, मुलांची शाळा कुठली, डायलिसिस किंवा फिजिओथेरपी चालू आहे का, आणि कुणाच्या जवळ राहायला आवडेल. शेवटचा प्रश्न कुणीच विचारत नाही, आणि उत्तरं तर सगळ्यांकडे तयार असतात. या कागदांवरून तीन-चार घरांचे गट पाडा आणि प्रत्येक गटासाठी एकाच इमारतीत किंवा चालत दहा मिनिटांच्या आत घरं शोधा. मोठी गृहसंकुलं यासाठी बरी पडतात, तिथे एका वेळी सात-आठ रिकामी घरं सापडतात. दलालालाही एकगठ्ठा काम मिळत असल्याने तो दलालीत सूट देतो. करारात एक कलम घालून घ्या: ‘पासष्ट वर्षांवरील किंवा दिव्यांग सदस्य असलेल्या कुटुंबाने जुन्या इमारतीपासून तीन किलोमीटरच्या आत घर घेतल्यास, ठरलेले भाडे व प्रत्यक्ष भाडे यांतील फरक ठरावीक मर्यादेपर्यंत विकासक देईल.’ अशी कुटुंबं एका संस्थेत थोडीच असतात. सगळ्या प्रकल्पाच्या मानाने ही रक्कम किरकोळ आहे, आणि वाटाघाटीत ती मागितली तर मिळू शकते. आजवर ती मागितलीच जात नाही, कारण वाटाघाटीला बसणारे बहुतेक पन्नाशीच्या आतले, नोकरी-धंद्यातले असतात.

दुसरी गोष्ट अकरा महिन्यांची. या एका सवयीने जितकं नुकसान होतं तितकं दुसऱ्या कशानेच होत नाही, म्हणून इथे जरा थांबतो.

भाडेकरार अकरा महिन्यांचाच करायचा असं सगळे धरून चालतात. त्याचं मूळ १९०८ च्या नोंदणी कायद्यात आहे. एक वर्षापेक्षा जास्त मुदतीचा भाडेपट्टा नोंदवावा लागतो, म्हणून तो चुकवायला अकरा महिने. महाराष्ट्रात ही पळवाट कधीच बंद झाली आहे. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ च्या कलम ५५ प्रमाणे लिव्ह अँड लायसन्सचा, म्हणजे ठरावीक मुदतीसाठी घर वापरायला देण्याचा, करार कितीही मुदतीचा असला तरी लेखी आणि नोंदणीकृत हवा, आणि ती जबाबदारी घरमालकाची आहे. म्हणजे अकरा महिने ठेवून नोंदणी टळत नाही. असा करार साठ महिन्यांपर्यंत करता येतो. मग छत्तीस महिन्यांचा का करत नाही? घरमालकाला धास्ती असते की माणूस जायचा नाही. त्याला कलम २४ दाखवा: मुदत संपल्यावर घर न सोडणाऱ्याला सक्षम प्राधिकाऱ्याकडून बाहेर काढता येतं आणि तोवरचं भाडं दुपटीने वसूल करता येतं. दरवर्षीची भाडेवाढ करारातच लिहून टाका. मालकाने मध्येच घर मागू नये म्हणून लॉक-इन किमान चोवीस महिन्यांचं ठेवा. भाडेकरूची बाजू मात्र मोकळी ठेवा, त्याला एका महिन्याच्या नोटिशीने सोडता आलं पाहिजे, कारण नवी इमारत वेळेआधीही तयार होऊ शकते, आणि एखाद्याची तब्येत बिघडून त्याला मुलाकडे जावंही लागू शकतं.

याने काय साधतं, ते कुठल्याही अकरा महिन्यांच्या घरात गेलात तर दिसेल. सोफ्यामागे खोक्यांची भिंत असते, त्यावर मार्करने ‘पितळी’, ‘पुस्तकं’, ‘दिवाळी’ असं लिहिलेलं. चिकटपट्टी तशीच, कारण ‘परत बांधायचंच आहे ना’. भिंतीला खिळा मारायला मालकाची मनाई, म्हणून फोटो कपाटावर पालथे. देव वॉशिंग मशीनवर, एका ताटात. दारावर पाटी मालकाची किंवा कुणाचीच नाही, त्यामुळे कुरियरवाला खालूनच परत जातो आणि शेजारच्यांना आडनाव कळायला सहा महिने लागतात. आपलं मानावं असं या घरात काहीच दिसत नाही, म्हणून बाई कुणाला चहाला बोलवत नाही, आणि बोलावलं नाही म्हणून तिलाही कुणी बोलवत नाही. अकरा महिन्यांनी दलाल पुन्हा दारात उभा. नुकताच ओळखीचा झालेला किराणावाला, डॉक्टर, बागेतल्या बाकावरची बाई, सगळं पुन्हा पहिल्यापासून. तीन वर्षांत हे तीनदा. तिसऱ्या वेळी माणूस ओळख काढायचाच कंटाळा करतो.

छत्तीस महिन्यांचा करार हातात असेल तर खोकी उघडली जातात. त्यातच चार ओळी आणखी घाला: नावाची पाटी लावण्याची मुभा, दहा खिळ्यांची परवानगी (जाताना भोकं बुजवून देण्याच्या बोलीवर), संडास-बाथरूममध्ये धरायचे दांडे बसवण्याची परवानगी, देवघर भिंतीला लावण्याची परवानगी. आमच्या माहितीत या ओळींना मालक सहसा नाही म्हणत नाहीत, मात्र त्या सहीआधी मागाव्या लागतात. सहीनंतर विचारलं की ‘एक खिळाही नको’ हे ठरलेलं उत्तर.

पहिल्या दीड महिन्यात पडण्याचं भय सगळ्यांत जास्त असतं. जुन्या घरात रात्री उठून अंधारात डावीकडे चार पावलं टाकली की बाथरूम यायचं. पाय आपोआप तिकडेच जातात, आणि नव्या घरात तिथे कपाट असतं किंवा पायरी. म्हणून शक्य असेल तर पलंग जुन्या घरातल्याच दिशेने ठेवा, म्हणजे उठताना पाय त्याच बाजूला खाली येतील. पलंगापासून बाथरूमपर्यंतच्या वाटेवर रात्रभर जळणारे दोन छोटे दिवे हवेत. काचेला चिकटतात तसले रबरी वाटीचे दांडे टाइल्सवर टिकत नाहीत, सांध्यावर हवा शिरली की वजन पडताच निघतात. त्यांच्यावर भरवसा ठेवू नका, भोक पाडून बसवलेलाच दांडा घ्या. भोक पाडता येत नसेल तर रबरी बूच असलेलं जड स्टूल आणि खरखरीत रबरी चटई. स्मृती मंदावलेल्या माणसाला जागा बदलली की संध्याकाळी भांबावल्यासारखं होतं, ‘घरी चला’ म्हणून ते मागे लागतात. त्यांच्या खोलीतलं घड्याळ, कॅलेंडर आणि चादर जुनीच राहू द्या, सामान हलवायच्या दिवशी त्यांना नातेवाइकांकडे ठेवा, आणि खोली पुरती लावून झाल्यावरच आणा. त्यांच्या खिशात नव्या पत्त्याची आणि फोन नंबरची चिठ्ठी पहिल्या दिवसापासून असू द्या. बाहेर पडलेला असा माणूस जुन्या इमारतीकडेच निघतो, म्हणून साइटच्या वॉचमनकडेही समितीचा नंबर असायला हवा.

आता फोन. संस्थेचा व्हॉट्सॲप ग्रुप या कामी येत नाही. तिथे भाडं जमा झालं का, स्लॅब कितवा पडला आणि ओसी (राहायला जाण्याचा दाखला) कधी मिळणार यावरून वाद चाललेले असतात, आणि ज्यांना खरी गरज असते ती माणसं तिथे वाचून गप्प बसतात. त्याऐवजी पाच-पाच घरांमागे एक गटप्रमुख नेमा, शक्यतो त्याच मजल्यावरचा जुना शेजारी. त्याने आठवड्यातून एकदा, ठरल्या वारी, फोन करायचा. ‘कशा आहात?’ विचारलं की ‘बरी आहे’ हेच उत्तर येतं आणि बोलणं संपतं. त्यापेक्षा विचारा: आज काय केलं होतंत जेवायला? औषध कोण आणून देतं? काल कुणाशी बोलणं झालं? तिथले शेजारी कोण आहेत, नाव काय त्यांचं? दोन महिने होऊनही शेजाऱ्याचं नाव सांगता येत नसेल, दोन्ही वेळचं जेवण चहा-बिस्किटावर आलं असेल, डॉक्टर अजून जुनाच आणि तोही ‘लांब पडतो म्हणून गेले नाही’, तर त्या घरी त्याच आठवड्यात कुणीतरी जायला हवं. फोन दोनदा उचलला नाही तर दुसरा नंबर कुणाचा, हे आधीच लिहून ठेवा, आणि तो परगावच्या मुलाचा न ठेवता त्याच इमारतीतल्या माणसाचा ठेवा. नियमित फोन करणारं कुणी सापडत नसेल तर केंद्र सरकारची ज्येष्ठांसाठीची एल्डरलाइन आहे, नंबर १४५६७, बिनपैशाची. ज्येष्ठ नागरिक कायदा, २००७ खालच्या नियमांप्रमाणे पोलीस ठाण्याने आपल्या हद्दीत एकट्या राहणाऱ्या ज्येष्ठांची यादी ठेवायची असते. जुन्या ठाण्यातलं नाव आपोआप नव्या ठाण्यात जात नाही. घर बदललं की नव्या ठाण्यात नाव नोंदवण्याचं काम समितीने स्वतःच्या अंगावर घ्यावं.

कागदपत्रांचाही या एकटेपणाशी संबंध आहे, आणि तो दुर्लक्षिला जातो. इमारत पडली की मतदार यादीचं काम करणारा बीएलओ तिथे येतो, मोकळा भूखंड पाहतो आणि ‘स्थलांतरित’ असा शेरा मारतो. मतदानाच्या दिवशी कळतं की आपलं नावच गेलं. जुन्या वॉर्डाशी उरलेला शेवटचा धागाही तुटला, असं त्या दिवशी म्हाताऱ्या माणसांना वाटतं, आणि ते वाटणं खरं असतं. लोकप्रतिनिधित्व कायदा, १९५० मध्ये तात्पुरत्या गैरहजेरीने सामान्य निवास संपत नाही असं स्पष्ट म्हटलं आहे. सचिवाने संस्थेच्या लेटरहेडवर सगळ्या सभासदांची नावं, मतदार ओळखपत्राचे क्रमांक आणि ‘पुनर्विकासामुळे तात्पुरते बाहेर, परत येणार’ असा मजकूर लिहून मतदार नोंदणी अधिकाऱ्याला द्यावा, पोच घ्यावी आणि दरवर्षी पुनरीक्षणाच्या वेळी पुन्हा द्यावा. ज्यांना नव्या जागीच मत द्यायचं असेल त्यांनी फॉर्म ८ भरावा. रेशन मात्र सोपं झालं आहे, अन्नसुरक्षेच्या कार्डावर धान्य कुठल्याही दुकानात अंगठा लावून मिळतं. पेन्शनवाल्यांचा हयातीचा दाखला नोव्हेंबरात, आणि ऐंशीच्या पुढच्यांचा ऑक्टोबरपासून देता येतो. तो घरबसल्या डिजिटलही निघतो, पण बँकेची जुनी शाखा लांब पडल्यामुळे नेमकी हीच माणसं चुकतात. पाच घरांच्या प्रमुखाने ऑक्टोबरच्या पहिल्या फोनमध्ये हे विचारून घ्यावं. भाडंही पुढच्या तारखेच्या चेकने न देता दर महिन्याच्या पाच तारखेच्या आत खात्यात जमा करायला लावा. चेक घेऊन जुन्या शाखेत जायचं म्हणजे लोकलचा प्रवास आला. भाडं थकलं तर मालकासमोर मान खाली घालावी लागते ती सभासदाला. ती लाज माणसाला घरात कोंडते.

भेटीगाठींबद्दल. ‘वर्षातून एकदा गेट-टुगेदर’ पुरत नाही. महिन्यातून एकदा, ठरल्या दिवशी, ठरल्या जागी भेट व्हायला हवी, कुणी आलं नाही तरी रद्द न होणारी. रविवार टाळा, मेगाब्लॉकमुळे मध्य आणि हार्बरवरची माणसं अडकतात. दुसरा शनिवार, दुपारी बारा ते चार, म्हणजे जाता-येता गर्दीच्या गाड्या लागत नाहीत. जागा स्टेशनपासून चालत पाच मिनिटांत, तळमजल्याला, आणि कमोड असलेली हवी, नाहीतर गुडघे दुखणाऱ्या बायका पाणी न पिता येतात आणि तासाभरात निघतात. विरंगुळा केंद्र, ग्रंथालयाची खोली, देवळाचा सभामंडप, शाळेचा वर्ग, काहीही चालेल. प्रत्येक घरामागे महिना १०० रुपये बाजूला काढले तर चाळीस घरांचे वर्षाला ४८,००० होतात. त्यात जागा, चहा-खाणं आणि ज्यांना लोकल झेपत नाही त्यांची रिक्षा भागते. संस्थेचा गणपती बंद करू नका. जागा नाही म्हणून तीन वर्षं खंड पाडणाऱ्या संस्थांना नव्या इमारतीत तो पुन्हा उभा करायला माणसं मिळत नाहीत, कारण मधल्या काळात मुलं मोठी होऊन पांगलेली असतात. दीड दिवसाचा करा, लहान मूर्ती आणा, एखाद्या सभासदाच्या भाड्याच्या घरी बसवा, पण आरतीला सगळे आले पाहिजेत. हळदीकुंकू संक्रांतीपासून रथसप्तमीपर्यंत कधीही घेता येतं, तेव्हा ते पाच-पाच घरांच्या गटांनी वेगवेगळ्या दिवशी घ्या, आणि नव्या जागच्या शेजारणींना आवर्जून बोलवा.

मयताची बातमी पोचवण्याची पद्धत ठरवा. हे लिहायला जड वाटतं, पण लिहिल्याशिवाय राहवत नाही. विखुरलेल्या संस्थेत सर्वांत जास्त जिव्हारी लागते ती ही गोष्ट: इतक्या वर्षांचा शेजारी गेला आणि तेराव्यानंतर कळलं. ज्या घरात मृत्यू होतो तिथे नव्या इमारतीत ओळखीचं कुणी नसतं, आणि खांदा द्यायला चार माणसं कुठून आणायची असा प्रश्न पडतो. एक माणूस आणि त्याच्या अनुपस्थितीत दुसरा, अशा दोघांवर ही जबाबदारी द्या. त्यांनी मेसेज टाकून न थांबता प्रत्येक गटप्रमुखाला फोन करायचा. निधीतून वाहनाचा खर्च करायची परवानगी त्यांना ठरावाने आधीच द्या, म्हणजे त्या वेळी सह्यांसाठी थांबावं लागणार नाही.

मुदत लांबते हेही धरून चला. गोरेगावच्या सिद्धार्थनगरातल्या, म्हणजे पत्राचाळीतल्या ६७२ कुटुंबांचा करार २००८ चा होता. त्यांची ‘तात्पुरती’ घरं दशकाहून जास्त काळ चालली, मध्ये भाडंही थांबलं. वर सांगितलेली व्यवस्था तीन वर्षांपुरतीच आखली आणि काम रखडलं तर ती नेमकी गरजेच्या वेळी मोडेल. म्हणून गटप्रमुख दर वर्षी बदला, निधी दर वर्षी वार्षिक सभेत मंजूर करा. ही सभा ३० सप्टेंबरच्या आत घ्यायचीच असते, तिच्या विषयपत्रिकेवर हा विषय कायमचा ठेवा.

ज्या संस्थांत ही माणसं भाड्याने येऊन राहतात त्यांनाही दोन शब्द. भाडेकरूला सभेत मत नसतं, ते ठीक. पण खेळाच्या जागेत त्याच्या नातवाला, गच्चीवरच्या कोजागिरीला त्याच्या बायकोला आणि लिफ्टमध्ये त्याच्या सामानाला मज्जाव करणारे नियम तुम्ही केलेत, ते काढा. नवीन माणूस आला की त्याचं नाव पाटीसह फलकावर लावा आणि वॉचमनला सांगा.

शेवटचा मुद्दा नव्या घरांच्या वाटपाचा. बहुतेक संस्था मजले चिठ्ठ्या टाकून ठरवतात. न्याय्य म्हणून ते योग्यच आहे. पण त्यात ज्या दोन घरांनी एकमेकांकडे चाव्या ठेवल्या, ती एक चौथ्या आणि एक अठराव्या मजल्यावर जातात. त्यावर जोडचिठ्ठीची सोय करा. समान क्षेत्रफळाच्या दोन किंवा तीन सभासदांनी एकत्र अर्ज दिला तर त्यांच्या नावांची एकच चिठ्ठी टाकायची, आणि ती निघाली की त्यांना एकाच मजल्यावरची लागोपाठची घरं द्यायची. त्यासाठी आधी मजल्यांचे जोड-संच आणि सुटी घरं वेगवेगळ्या डब्यांत टाकावी लागतात, नाहीतर शेवटी एकेकटी घरं उरतात आणि भांडण होतं. मजला वर की खाली ते नशिबावरच राहतं, त्यामुळे कुणाला झुकतं माप मिळाल्याची तक्रार येत नाही. ही पद्धत विशेष सर्वसाधारण सभेत, नकाशे मंजूर होताना, घरं खाली करण्याच्या आधी ठरावाने पक्की करा, आणि कोण कुणाबरोबर चिठ्ठी टाकणार त्याचे अर्ज त्याच सभेत घ्या. तीन वर्षं शेजार टिकवण्याचं कारण त्या अर्जातच असेल.

आपले,
ज्येष्ठ नागरिकांसोबत आणि गृहनिर्माण संस्थांसोबत काम करणारे कार्यकर्ते